चंद्राला वाचून दाखवलेलं पत्र

हे मी आजवर कुणापाशी बोललो नाही – बायकोपाशीसुद्धा नाही. तुम्ही आपले वाटता, म्हणून सांगतो.

मी पूर्णगडचा, बोटीवरचा खलाशी. एका खेपेला शांघायमध्ये बोट दुरुस्तीला अडकली, तेव्हा तिथं चिनी मूकपट पाहिला. गिरणीत राबणारी एक पोरगी शिकू बघते, आणि तिचेच लोक तिची बदनामी करतात. पडद्यावरचं अक्षर कळत नव्हतं, तरी मी ढसाढसा रडलो. शेजारचा चिनी खलाशी मोडक्या इंग्रजीत म्हणाला, पूर्वी आमच्याकडं सिनेमात पुरुषच बायका व्हायचे, आता खऱ्या बायका कामं करतात. मला ते फार थोर वाटलं.

घरी आल्यावर ती गोष्ट धाकट्या बहिणीला, चंद्राला सांगितली. दुसऱ्या दिवशी तिनं ती ओटीवर अशी करून दाखवली, की आई पदरानं डोळे पुसत बसली. नवल नव्हतं त्यात – शिमग्यात नमनाच्या खेळातली गवळण मी व्हायचो, पण मला लुगडं नेसवून मान कशी वळवायची ते शिकवायची तीच. टाळ्या मात्र मला मिळायच्या.

मग तिनं गावच्या शाळेतल्या मास्तरीणबाईंकडून मुंबईच्या एका फिल्म कंपनीला पत्र लिहवून घेतलं, जत्रेत काढलेला फोटो घालून. उत्तर आलं. घरात वाचता येणारा मी एकटा. कागदावर काय होतं? चेहरा बोलका आहे, भावाला घेऊन या. आणि मी काय वाचलं? – पसंत नाही.

का? गावात तोंड दाखवायला जागा उरणार नाही, म्हणून? हो, तेही. शांघायला रडलो ते शांघायला – पुराणातली वांगी पुराणात. पण खरं सांगू? ती पडद्यावर आली, तर माझ्या गवळणीला कोण विचारणार होतं? जळत होतो मी, दुसरं काय.

चंद्रा मग म्हणाली, "ऱ्हाऊ दे दादा. मी काळी, म्हनून नको म्हनले असतील."

इथं तरी बोलायला हवं होतं ना? मी मान हलवली – हो म्हणून.

मास्तरीणबाईंच्या हाती पडू नये, म्हणून पत्र लगेच चुलीत घातलं. चंद्रानं पुन्हा कधी काही करून दाखवलं नाही. पुढं लग्न झालं, पहिल्या बाळंतपणाला ती माहेरी आली. सुईणीनं मुलगी झाल्याचं सांगितलं, तेव्हा मी दाराबाहेरच होतो. आतून चंद्राचा दमलेला आवाज आला, "काळी तर नाय ना गो?"

मी तिथून उठून अंगणात गेलो.