मगरीच्या खानदानातली सोयरीक

मगरसरांसमोर पालीला मगरीची बहीण म्हणायची सोय नव्हती. "पाल दूरची आहे बाप्पा," ते तळमळून सांगत, "जवळचं नातं पाह्याचं असन तं कोंबडी पाहा." शास्त्राप्रमाणे हे खरंच आहे म्हणतात. मात्र सरांनी ते इतकं मनावर घेतलं होतं, की नागपुरात जन्म काढूनही सावजीच्या कोंबडीला त्यांनी हात लावला नाही. मगरीच्या सोयऱ्यांना रश्श्यात बुडवणं त्यांच्या जिवावर येई. मटण मात्र मजेत खात. बोकडाचं नातं फारच लांबचं पडे.

आमच्या कॉलेजात ते प्राणिशास्त्र शिकवत, मी मराठी. 'पण' हा शब्द त्यांच्या तोंडी नव्हता. आम्हा नागपूरकरांच्या हिंदीच्या सवयीनं ते 'मगर' म्हणत. "पेपर सोपा आहे, मगर..." म्हणून ते थांबले की पोरं मागून ओरडत, "कुठं आहे सर?" आणि सर खरंच वळून पाहत. नाव पडायला एवढं पुरे होतं.

मगर कोट्यवधी वर्षं जशीच्या तशी आहे, असं कुणी म्हटलं की त्यांचा पारा चढे. "तिनं का कमी धंदे केले? काही जमिनीवर लांब पायानं पळत होत्या. काही समुद्रात गेल्या, पायाचे वल्हे झाले त्यायच्या. सारं करून पाहिलं बिचारीनं, मंग नदीत पडून राहिली." ते हे सांगू लागले की निम्म्या वर्गाला कुणाच्या तरी मयतीला बसल्यासारखं वाटे.

चाळिशी जवळ आली तरी सरांचं लग्न जमेना. मुलगी पाहायला गेले की ते मगरीवर येत आणि मंडळी पोह्यांच्या बशा उचलू लागत. कोराडीच्या वीजकेंद्राच्या चिमण्या नुकत्या धूर सोडू लागल्या होत्या, त्या वर्षी भिवापूरचं स्थळ आलं. वडील मिरचीचे व्यापारी, मुलगी शाळेत शिक्षिका. फोटो सरांनी परत दिलाच नाही, खिशात ठेवला. मग म्हणाले, "हे जमलं पाह्यजे गा." एसटीत मी वचन घेतलं की मगरीचं नाव काढायचं नाही.

बैठकीत सर शहाण्यासारखे बसले होते. तेवढ्यात अंगणात कोंबडी आली आणि त्यांचं लक्ष उडालं. नेमकं तेव्हाच मिरचीशेटनं विचारलं, "सर, खानदान मोठं आहे काय?" सरांच्या कानात फक्त 'खानदान' शिरलं.

"फार मोठं होतं," ते उजळून म्हणाले, "मगर..." आणि वचन आठवून थांबले.

"मगर काय?" मिरचीशेट पुढं सरकले.

आता समोरच्यानंच विचारल्यावर सर तरी काय करणार!

"सारे गेले हो. जमिनीवर पळणारे गेले. समुद्राकडचा तं एकही वाचला नाही."

"अरे बाप्पा! अन् राहिले ते?"

"पाण्यात पडून राह्यतात. एकदा जेवले का महिना महिना अन्नाकडे पाहत नाही."

"अन् बायामाणसं?"

"लेकरायले लय जपतात. तोंडात धरून नेतात."

मी खोकून खोकून घसा फोडला. आतून मात्र तोंडात पदर कोंबून कुणीतरी हसत असल्याचा आवाज आला. मुलगी शाळेत सायन्स शिकवत होती.

परतताना भिवापूरपासून नागपूरपर्यंत सर मगरीबद्दल अवाक्षर बोलले नाहीत. मला खरोखर भीती वाटली.

पुढच्याच आठवड्यात मिरचीशेट कॉलेजात हजर. मला बाजूला घेऊन म्हणाले, "पोरगी म्हणते, करीन तं यायच्याशीच. मीबी विचार केला. एवढ्या आफतीतून जे खानदान टिकलं, त्याले आता काय होते?" मी घाईघाईनं मान डोलावली.

लग्न झालं आणि दृष्ट लागावी इतकं छान झालं. वडिलांचा गैरसमज वहिनींनी कधी दूर केला नाही. दर दिवाळीला मिरचीशेट हलक्या आवाजात विचारत, "समुद्राकडलं कोणी भेटलं काय?" सर तितक्याच गंभीरपणे म्हणत, "आता कुठले भेटतात."

सर गेले ते साध्या तापानं. अजून तो चाळिशीतला उत्साह अंगात असताना, अगदीच काही कारण नसताना गेले. मला त्याचा अजून राग येतो.

तेरवीला मिरचीशेट माझ्याशेजारी बसले होते. चेहरा कुणीतरी फसवल्यासारखा. "मले वाटलं होतं, हे खानदान मरत नाही," ते म्हणाले. "आता तं कोणीच नाही राह्यलं."

वहिनी पाण्याचा तांब्या घेऊन आल्या होत्या. तो त्यांनी वडिलांच्या हातात दिला.

"मी आहो ना, बाबा," त्या म्हणाल्या.