वाढ्याची कोपी

उत्तरेश्वरचा जन्म कारखान्याच्या तळावरल्या कोपीतला. ऊसतोडीला गेलेल्यांची ती बांबू-पाचटाची खोप. आत ताठ उभं राहता येत नाही. औरंगाबादला चित्रकला शिकला, तरी त्याच्या मोठाल्या कॅनव्हासवर तेवढंच यायचं. सगळा मातकट रंग, आणि खाली वाकून शिरावं एवढीशी काळी जागा. गावी सिरसाळ्यात पोरं विचारायची, "ह्यात माणूस कुठंय बे?"

"तू उभा हायस की म्होरं," तो म्हणायचा.

त्या दुष्काळात गावची दूध सोसायटी बंद पडली. चेअरमन सुंदररावांनी रिकाम्या हॉलची किल्ली त्याला दिली. "काय मांडायचं ते मांड. निवडणूक लागंस्तोर कुणी इकडं फिरकत न्हाई."

त्याला हॉलभर एकच कोपी उभारायची होती, हिरव्या वाढ्याची. वाढं म्हणजे उसाचे शेंडे. तोडीवर गेलेल्या आश्रुबानं, त्याच्या बापानं, गल्लीतल्या गाईंसाठी टेम्पोभर वाढं धाडलं होतं. तेच त्यानं मागितलं.

"माय, रविवारपस्तोर दे. पुण्याच्या गॅलरीची माणसं बघून गेली की समदं तुमचंच."

"अन् गाईला काय सांगू? रविवार कवा हाय ते?" त्याची माय मुक्ताबाई म्हणाली. पण दिलं. शेजारची केशरबाई हसून म्हणाली, "बांदू दे गं. जल्मला तवाबी कोपीच हुती."

गाईंनी चार दिवस ज्वारीचं उरलंसुरलं सरमाड चघळलं.

शनिवारी वाढं पिवळं पडायला लागलं. फवारणीच्या पंपात पातळ वार्निश भरून उत्तरेश्वरनं सगळ्या कोपीवर मारलं. हिरवा रंग तेवढा डोळ्यांपुढं होता त्याच्या.

रविवारी पाहुणे आले. कंबरेत वाकून आत गेले, बराच वेळ कुणी बाहेर आलं नाही. त्यांच्यातल्या बाई निघाल्या तेव्हा डोळे पुसत होत्या. "हे आहे तसंच पुण्याला यायला हवं," म्हणाल्या. आजवर त्याला असं कुणी म्हटलं नव्हतं.

गाडी फाट्याला लागली न लागली तोच बाया दोर-विळे घेऊन हॉलवर आल्या. मुक्ताबाईनं तर गायच सोडून आणली होती. उत्तरेश्वर दारात आडवा उभा.

"सरक की बे, उपाशी हाय ती," मुक्ताबाई म्हणाली.

तो सरकला नाही. तिनं हात घालून एक पान ओढलं, बोटांत चोळलं, हुंगलं.

"काय मारलंस?"

"वार्निश. रंग जात हुता माय."

केशरबाईनं विळा कमरेला खोचला. "आमच्या गाईच्या तोंडचं चकचकीत केलंस की रं," म्हणाली, आणि दोर गुंडाळत वळली. मागं सगळ्या बाया गेल्या. गाईला हिरव्याचा वास लागला होता, ती मान घालत होती. उत्तरेश्वर दोन्ही हातांनी तिचं तोंड मागं लोटत होता. तिची गरम लाळ त्याच्या मनगटांवरून ओघळत होती.

"माय, पुण्याला बोलावलंय," तो गाईकडं बघतच म्हणाला. "जाऊ का?"

मुक्ताबाईनं दावं हाताला आवळून घेतलं.

"जा की. येताना वैरण आण. खाता येईल आशी."