पाठमोऱ्याचा चेहरा

आमच्या गल्लीत त्याला पाठमोरा म्हणतात. बावीस वर्षं त्याने इतिहासाच्या माहितीपटांत कामं केली, पण चेहरा कुणाला दिसला नाही. राजाचा चेहरा जुन्या चित्रातून येतो, पुढाऱ्याचा फोटोतून. याची घेतात ती पाठ, सही करणारा हात, बेड्यांतले पाय. फाशी तर तो नऊ वेळा गेलाय.

मग आमच्या गिरणीतल्या गोळीबारावर माहितीपट निघाला. रखवालदाराने फितूर होऊन गेट उघडलं, पोलिस आत घुसले, अकरा कामगार गेले. त्यांच्या घरच्यांची समिती मी आजही चालवतो. रखवालदार परागंदा झाला. त्याचा एकही फोटो नाही. म्हणून त्याच्या भूमिकेत पाठमोऱ्याला पहिल्यांदा चेहरा मिळाला.

"येड्या, ज्याला तोंड नाही त्याला तू तुझं देतोयस," मी भडकलो.

"भाऊ, बावीस वर्षं पाठ दाखवली. एकदा तोंड दाखवू दे की."

दाखवलं. मुद्दाम जुनाट केलेलं, काळंपांढरं चित्र. कोपऱ्यात 'नाट्यरूपांतर' लिहिलेलं. कुणीतरी तो कोपरा कापून चित्र फोनवर सोडलं, आणि परवा ते आमच्याच समितीच्या फलकावर लागलं. खाली 'हाच तो गद्दार'.

आज सकाळी सगळ्यांसमोर मी फलक टराटरा फाडला. "अक्कल गहाण टाकलीत का रे? माझ्या गल्लीत राहतो तो, दळणाच्या चक्कीच्या माडीवर. गोळीबार झाला तेव्हा दुसरीत होता."

गेलेल्यांची पोरं आता पन्नाशीला आलीत. त्यांच्यातला एक पुढे आला. खाली वाकून चेहऱ्याचा तुकडा उचलला, खिशात घातला.

दुपारी मी चक्कीच्या माडीचा जिना चढलो. पाठमोरा आरशापुढे मिशी उतरवत होता. लोक रस्त्यात टक लावून बघतात, म्हणाला.

वहिनी चहा घेऊन आल्या. खुशीत होत्या. "अहो, तुम्ही बाजारात होता तेव्हा दोघं आले होते. तुमचा फोटो होता त्यांच्याकडे. हेच का ते, विचारलं."

"मग?" मी म्हटलं.

"मग काय, म्हटलं हेच. एवढ्या वर्षांत कुणीतरी चेहऱ्यावरून विचारत आलं. बसा म्हटलं, तर नको म्हणाले. घर बघून ठेवलंय, संध्याकाळी येतो." त्या माझ्याकडे वळल्या. "आणि भाऊजी, पत्ता तुमच्याकडूनच कळला म्हणे."

पाठमोऱ्याने वस्तरा खाली ठेवला. अर्धी मिशी तशीच.

मी उठून दाराला कडी घातली.