पडताळणीचा पाहुणा

हसायचं असेल तर चहाचा कप आधी खाली ठेवा. मागच्या वेळी हा घोळ सांगितला तेव्हा माझ्या मावसभावाच्या नाकातून चहा आला, आणि वरून तो मलाच शिव्या देत बसला! पण त्याचं तरी काय चुकलं? घोळ घातलाच होता तसा मी.

तर मी वेल्डर माणूस. गाव सौंदडजवळ, काम कोहमाऱ्याला हायवेवर. ट्रॉली, फाटक, ढाब्याचं शेड, जे मोडलं ते जोडायचं. एक दिवस डोक्यात घुसलं की आपण बाहेरदेशी जायचं. क्रोएशियाला! कुठं आहे म्हणून विचारू नका, तेव्हा मलाही माहीत नव्हतं. बाबा तर अजूनही 'करोशा'च म्हणतात. पण तिकडं वेल्डर पाहिजेत आणि कामाचं परमिट निघालं की विमानात बसायचं, एवढं कळलं होतं. बस झालं की!

पण परमिट काय वाटेवरचं बोर आहे, उचललं अन् खाल्लं? पहिल्यांदा अर्ज परत आला, का तर फोटोत माझे कान दिसत नव्हते. अरे, मी वेल्डिंग काय कानानं करतो? पण केली कटिंग, कान काढले बाहेर. पुन्हा परत! एका कागदावर मायचं नाव शकुंतला, दुसऱ्यावर सकुंतला. त्या एका 'श'पायी गोंदियाच्या इतक्या चकरा झाल्या की एसटीचा कंडक्टर मला पाहुणचाराला बोलवायचा बाकी होता.

घरचे म्हणाले, "सोड ना बापा आता."

मी म्हटलं, "आता तर नाहीच सोडत!"

शेवटी राहिली फक्त पोलीस पडताळणी. गोंदियाचा एजंट हिंदीत बोलायचा. त्यानं मला समोर बसवलं आणि बजावलं, "देखो भाई, पुलिसवाला घर आएगा, सादे कपड़े में। जो पूछे, सच-सच बताना। कुछ भी छुपाया, तो परमिट गया समझो।"

झालं! हे वाक्य मी काळजावर वेल्डिंग करून घेतलं.

दुसऱ्या दिवसापासून कामाला सुट्टी. कागद प्लास्टिकच्या पिशवीत, पिशवी खुंटीला, आणि मी ओसरीवर. धानाच्या रोवण्याचे दिवस होते, सारं गाव शेतात, बांधीत. पण शेजारच्या भाऊराव काकांना मी साक्षीदार म्हणून घरीच थांबवून ठेवलं होतं. काय बोलायचं तेही पाठ करून घेतलं होतं.

आणि आला ना! मोटारसायकल दारात थांबली. पन्नाशीचा माणूस, पांढरा शर्ट, जाड मिशा. उतरला आणि आधी घराच्या छपराचे कवेलू पाहिले, मग विहीर पाहिली, मग मला खालून वर पाहिलं. ही नजर पोलिसाची नाही तर कोणाची? तुम्हीच सांगा!

"पुरुषोत्तम तूच का गा?"

"होय जी! या, बसा. तुमचीच वाट पाहून राहिलो."

तो जरा चपापला. "तुले माहीत होतं मी येणार म्हणून?"

"माहीत होतं जी. एजंटनं सांगितलं होतं."

"एजंट?" त्यानं भुवया वर केल्या, पण बसला. मग सुरू झाली चौकशी. वय काय, शिक्षण काय, धानाची शेती किती, घरी कोण कोण, भावकीत काही वाद? मी प्रत्येक उत्तराला एक कागद काढून त्याच्या हातात देत होतो. त्याच्या मांडीवर हा ढीग!

मग त्यानं आवाज खाली आणला. "काही व्यसन?"

छुपाया तो परमिट गया!

"खर्रा खात होतो जी, सोडला. पोळ्याच्या दुसऱ्या दिवशी एकदा दारू पिली. दुसऱ्याच्या बैलांच्या कोठ्यात झोपलो. बैल माझ्यावर उभा होता, पण मी काही बोललो नाही त्याले."

त्यानं नुसतं "हं" केलं. मला वाटलं, समाधान नाही झालं. मग मी न विचारता सुरू झालो.

"साहेब, माझ्यावर एकही केस नाही. चोरी नाही, मारामारी नाही, बाईमाणसाची छेड नाही. ठाण्यात कुठंच नाव नाही माझं!"

"अगा, पण तसं कोण म्हणून राहिलं?"

"म्हणू द्या ना कोणाले म्हणायचं ते! साक्षीदार आहे आपल्यापाशी. ओ काकाजी, या!"

भाऊराव काका कुडाआडून आले आणि शाळेतल्या पोरासारखे ताठ उभे राहिले. "हा पोरगा माह्या ओळखीचा आहे. वागणूक चांगली आहे. हा फरार नाही."

पाहुण्यानं पाण्याचा गडवा उचलला आणि एका दमात अर्धा संपवला.

"बरं... आता पुढचा विचार काय आहे तुझा?"

हा प्रश्न येणार हे मला ठाऊकच होतं. मी घडाघडा बोललो, "दोन वर्षांचा करार जी. तेवढ्यात पटलं तर पुढं वाढवायचं. नाही पटलं तर सोडून द्यायचं, दुसरीकडं पाहायचं."

"दुसरीकडं?"

"हो ना! तिकडं कोणी एकाले धरून राहते का जी? माझा एक दोस्त तर तिसऱ्या ठिकाणी आहे आता. मजेत आहे!"

माणूस लाल झाला. मिशा थरथरायला लागल्या. अरे बापरे, म्हटलं, गेलं परमिट! आता काय राहिलं दाखवायचं? एकदम आठवलं, ओळखीची खूण! अर्जात लिहिली होती, पाठीवर डाव्या बाजूला मोठा तीळ. मी उठलो, फटदिशी शर्ट काढला आणि त्याच्याकडं पाठ करून उभा राहिलो.

"पाहून घ्या साहेब. हात लावून पाहा, खरा आहे!"

आणि नेमकी त्याच वेळी माय आतून पोह्यांची बशी घेऊन आली. नवीन लुगडं, केसांना तेल.

"अवं माय! सोयऱ्यासमोर उघडा काऊन उभा आहेस मेल्या?"

"माय, पोलीस आहेत ते!"

"कायचा पोलीस! गोरेगावचे मामाजी होत ते. पोरीचे मामा!"

आता समजलं? मी म्हणायचो परमिट येईपर्यंत पोरगी पाहायची नाही. म्हणून मायनं मला न सांगता आमच्याच जिल्ह्यातल्या गोरेगावला निरोप धाडला होता, सहज आल्यासारखे येऊन पोरगा पाहून जा. आणि पोरगा बाहेरदेशी चालला, हे त्यांना सांगितलंच नव्हतं! म्हणजे मामांनी ऐकलं काय? दोन वर्षं बायको ठेवीन, पटलं तर ठीक, नाहीतर दुसरी! दोस्ताची तर तिसरी चालू आहे, मजेत!

मामांनी माझे सारे कागद बाजेवर ठेवले, मायला हात जोडले आणि पोह्यांना हात न लावता मोटारसायकलला किक मारली.

मी काय सोडतो का? "मामाजी, थांबा! करार वेल्डिंगचा आहे, लग्नाचा नाही!" म्हणत तसाच पळालो, उघडा, शर्ट हातात. गाडी चिखलात घसरत चालली होती म्हणून वळणावर गाठली आणि मागचं कॅरियर धरलं. मामा पुढं ओढतात, मी मागं ओढतो.

तेवढ्यात समोरून दुसरी मोटारसायकल आली. चेकचा शर्ट, पायात खाकी पँट.

"ए, काय चालू आहे? काऊन ओढून राहिला त्या बुढ्याले? नाव काय तुझं?"

सांगितलं. त्यानं खिशातला कागद काढला, एकदा कागदाकडं पाहिलं, एकदा माझ्या उघड्या छातीकडं.

"वा! तुझ्याच पडताळणीले निघालो होतो. दिवसाढवळ्या रस्त्यानं लोकाईले अडवतोस, अन् चांगल्या वागणुकीचा दाखला पाहिजे?"

कान काढले, 'श' सुधारला, आणि घराच्या वळणावर येऊन सगळं बुडालं! हवालदारानं मामांनाच विचारलं, "तुम्ही सांगा जी. काय तक्रार आहे?"

मामांनी गाडी बंद केली. मी कॅरियर सोडलं, शर्ट घातला. उलटा घातला, ते नंतर कळलं. मग हात जोडून सारी हकिकत सांगितली, एजंटपासून तिळापर्यंत.

मामांच्या मिशीचं एक टोक हललं. "तक्रार काही नाही साहेब. पोरगा चांगला आहे."

"किती दिवसांपासून ओळखता?"

"अर्ध्या घंट्यापासून. पण अर्ध्या घंट्यात यानं जेवढं सांगितलं, तेवढं माह्या सख्ख्या जावयानं दहा वर्षांत नाही सांगितलं. यानं तर बैलाचंही सांगितलं."

हवालदार असा हसला की गाडी पडता पडता वाचली. घरी आला, कागद तपासले, भाऊराव काकांकडून "फरार नाही" पुन्हा ऐकलं आणि मामांच्या वाट्याचे पोहेही खाल्ले. दाखला चांगला गेला. परमिटही आलं!

पण त्या वळणावर मामा निघायला लागले तेव्हा मी धीर करून विचारलं होतं, "मग मामाजी, आपल्या त्या गोष्टीचं काय?"

मामांनी किक मारली. "चांगला आहेस म्हणून सरकारले सांगितलं ना? सरकारचं काय जाते गा! माही तर भाची जाते."

तर असं आहे बघा. सात समुद्रांपलीकडच्या देशानं नुसत्या कागदावर मला घेतलं, करारही वाढवून दिला. आणि गोरेगाव, मोटारसायकलनं तासाभराची वाट, त्यांनी मला तिळासकट पाहिलं आणि नापास केलं!