घड्याळजीचा पोरगा, खाटकाची लेक आणि बाई

"काहून विचारून राहिली वं मले? पाय तुझे आहेत न?"

तास चालू असताना उठून 'मॅडम, जाऊ का' असे विचारणाऱ्या प्रत्येक मुलीला बाईंचे हेच उत्तर असे. मुलगी गोंधळून स्वतःच्या पायांकडे बघे, वर्ग हसे, आणि बाई खडूने पांढरी झालेली बोटे हवेत झटकून पुढचे वाक्य सुरू करत. नवी मुलगी हमखास जागच्या जागी बसून जाई. जायची मोकळीक मिळाली की पुष्कळांची जायची इच्छाच संपते, हे तुम्हीही कुठेतरी पाहिले असेल.

नागपूरच्या आमच्या महाविद्यालयात बाई राज्यशास्त्र शिकवत आणि मी शेजारच्या खोलीत मराठी. मध्ये नुसत्या लाकडी फळ्यांची भिंत होती. तिच्या फटींतून आवाज तर येतच, वासही येत. बाई मिरचीसाठी नावाजलेल्या भिवापूरकडच्या. उन्हाळ्याच्या सुट्टीनंतर त्यांच्या पिशवीला, वह्यांना, अगदी तपासलेल्या उत्तरपत्रिकांनाही वाळल्या मिरचीचा कोरडा, लालसर वास असे. मी इकडे एखाद्या कवितेतल्या संध्याकाळीत हळूहळू उतरत असावे आणि पलीकडून सणसणीत शिंक यावी, असे कितीदा तरी झाले आहे.

"तुमच्या कवितेत वारा लय वाहते हो," मधल्या सुट्टीत त्या म्हणत. "पण खिडकी कोणी उघडली, ते एकही कवी सांगत नाही."

त्यांचा आवडता विषय म्हणजे दोन-अडीचशे वर्षांपूर्वी समुद्रापलीकडे राजांची सिंहासने हलवणारे विचारवंत. अभ्यासक्रमात त्यांना एकच प्रकरण होते, बाई त्याला अर्धे वर्ष देत. विचारवंतांची नावे मात्र त्या आधी सांगत नसत. "नाव सांगितलं की पोरी पाठ करतात. धंदा सांगितला की ओळख होते." त्यामुळे फळ्यावर नावे परीक्षेच्या आठवड्यातच उमटत. तोवर वर्गात वावरत असे तो घड्याळजीचा पोरगा, ज्याच्या मते माणूस मोकळा जन्मतो आणि मग जागोजागी बांधला जातो. बायकांच्या कंबरा आवळायचे पट्टे शिवणारा एक कारागीरही असे. शिवणकाम सोडून तो समुद्रापार गेला आणि राजा कशाला हवा, हे गाड्या हाकणाऱ्यांनाही समजेल अशा भाषेत लिहू लागला. सगळी माणसे समान आहेत, असे सुंदर अक्षरात लिहिणारा आणि शेकडो गुलाम बाळगणारा मळेवालाही असे. मुली त्यांच्याविषयी गल्लीतल्या माणसांसारखे बोलत. "मॅडम, तो पट्टेवाला शेवटी कसा मेला?" असा प्रश्न मी भिंतीपलीकडून ऐकला आहे.

प्रत्येकाचा विचार नीट समजावून झाला की बाई डस्टर टेबलावर आपटून विचारत, "अन् याच्या घरचा सयपाक कोण करे?"

मग घरांची झडती सुरू होई. मळेवाल्याच्या घरी स्वयंपाक गुलाम करत. घड्याळजीच्या पोराने मुले कशी वाढवावीत यावर जाडजूड पुस्तक लिहिले आणि स्वतःची पाचही लेकरे अनाथालयाच्या दारात नेऊन ठेवली. या सगळ्यांत एकच स्त्री होती, एका खाटकाची लेक; तिच्यापाशी आल्यावर मात्र बाईंचा आवाज उतरे. "पुरुषांनी आपल्या हक्काचा कागद केला. हिनं तो कागद हातात घेतला अन् म्हणली, आता आमचाही लिहा. तिचं डोकं उडवलं."

एकदा एका मुलीने चिडून विचारले, "मग असल्या लोकांचं आम्ही काहून शिकायचं?"

"विहीर खोदणारा कंजूस होता म्हणून पाणी खारं होते का वं? पाणी प्या. त्याचा फोटो नका लावू घरात."

बाईंची आणखी एक रीत सगळ्या महाविद्यालयात चेष्टेचा विषय होती. त्या हजेरी घेत नसत. हजेरीपट बाकाबाकावरून फिरे आणि प्रत्येक मुलगी आपल्या नावापुढे आपली सही करी. "पोरी तुम्हाला विकून खातील," असे कार्यालयातले शिपाईकाकासुद्धा म्हणाले. पहिल्या आठवड्यात सह्या बावन्न आणि डोकी चाळीस. बाईंनी डोकी मोजली, सह्या मोजल्या आणि शांतपणे म्हणाल्या, "बारा जणी हवेत बसल्या आहेत. बसू द्या." रोज एवढेच म्हणत, रागाचा लवलेश नाही. दिवाळीपर्यंत सह्या आणि डोकी जुळू लागली. माझ्या वर्गात मी नाव पुकारी आणि गैरहजर मुलीच्या बदल्यात तिची मैत्रीण आवाज बदलून 'यस मॅडम' म्हणे. ते मला कळे, आणि मी पुढचे नाव घेई.

प्रणाली शेवटच्या वर्षाला होती. बुटीबोरीहून बसने येई. वडील तिथे कापडाच्या कारखान्यात फिटर. तिच्या पायांच्या अंगठ्यांची नखे काळीनिळी असत आणि ओढणीला ओल्या मातीचा वास येई. या मुलीचे काहीतरी निराळे चालले आहे, हे मला त्या वासाने आधी सांगितले. तिला पोलीस भरतीत उतरायचे होते. घरी तिचे लग्न ठरले होते, परीक्षा झाली की तारीख. वडिलांची अट एकच होती: कॉलेज आणि घर, तिसरी जागा नाही. मंगळवारी आणि शुक्रवारी ती बसमधून उतरून मैदानावर जाई आणि धावे. बाईंना हे ठाऊक नव्हते. त्यांनी कधी विचारले नव्हते.

जानेवारीत एका सकाळी तिचे वडील प्राचार्यांच्या खोलीत आले. मी स्नेहसंमेलनाची फाइल घेऊन तिथेच बसले होते. कारखान्याच्या निळ्या गणवेशातला, तेलाने काळ्या झालेल्या नखांचा माणूस. खुर्ची दिली तरी बसला नाही.

"कोणी सांगतलं, पोरगी कालेजच्या टायमाले मैदानात दिसते म्हणून. मंगळवारी अन् शुक्रवारी ती इथं होती का? कागद दाखवा मले."

मंगळवारी-शुक्रवारी पहिला तास बाईंचा. प्राचार्यांनी त्यांना हजेरीपटासह बोलावले. बाई आल्या, माणसाचे म्हणणे ऐकले, आणि त्यांच्या चेहऱ्यावरचा रंग उतरताना मी पाहिला. कारण काय ते मलाही तेव्हाच उमगले. दुसऱ्या कोणाच्याही पटावर प्रणाली हजर दिसली असती. मैत्रिणी काय कमी होत्या? बाईंच्या पटावर मात्र ती खोटी सही करत नव्हती आणि कोणाला करू देत नव्हती. मंगळवार आणि शुक्रवारच्या चौकटी, महिनोन्महिने, कोऱ्या होत्या.

"दाखवा मॅडम, वडील आहेत ते," प्राचार्य म्हणाले.

बाईंनी पट छातीशी धरला. "सह्या तिच्या आहेत. तिले विचारते."

प्रणालीला बोलावले. दारातूनच वडील दिसले आणि ती उंबऱ्यावर थबकली. बाई तिच्यासमोर जाऊन उभ्या राहिल्या.

"तुझे बाबा हा पट पाहू म्हणतात. दाखवू का? तू नाही म्हणशील तर नाही दाखवणार. मग माझं जे व्हायचं ते होईल."

प्रणालीने ओढणीचे टोक मुठीत गोळा केले.

"दाखवा मॅडम," ती म्हणाली. मग वडिलांकडे वळून, "मंगळवारी अन् शुक्रवारी मी मैदानात होती, बाबा. धावत होती. भरतीसाठी."

वडिलांनी पटाकडे पाहिलेही नाही. "चाल," एवढेच म्हणाले. दुसऱ्या दिवशी प्रणाली आली नाही. तिसऱ्या दिवशीही नाही.

त्या आठवड्यात बाईंचा डबा उघडला गेला नाही. मी धीर देत म्हणाले, "तुम्ही तिला निवडू दिलंत."

"निवडू देल्लं. अन् त्याची किंमत भरून कोण राहिलं?" त्यांनी माझ्याकडे असे पाहिले की मी मान खाली घातली. "आवाज देऊन हजेरी घेणाऱ्यांच्या पोरी मजेत आहेत. माझीच घरात बसली. माझ्या स्वातंत्र्याचा सयपाक त्या पोरीनं केला हो. मी नुसती ताटावर बसली."

रविवारी त्या बुटीबोरीच्या बसमध्ये बसल्या, सोबत मी. आम्ही पोचताच प्रणालीचे वडील गाडी काढून निघून गेले. आई अंगणात मिरच्यांचे देठ खुडत होती. बाई पदर खोचून तिच्याशेजारी बसल्या आणि देठ खुडू लागल्या, मीही बसले. कॉलेजचा शब्द नाही, परीक्षेचा नाही. यंदा मिरची जाड आहे, रंग बरा आहे, ऊन अजून दोन दिवस दाखवा, एवढेच. प्रणालीने पाणी आणले आणि आत गेली. परतताना माझी बोटे रात्रीपर्यंत जळत राहतील हे मला कळले होते. बाईंच्या बोटांना काही होत नव्हते.

असे तीन रविवार गेले. तिसऱ्या वेळी वडील घरात थांबले, पण टीव्हीकडे तोंड करून. चौथ्या रविवारी त्यांनी टीव्ही बंद केला.

"तुमाले पाहिजे काय, मॅडम?"

"काही नाही. माफी मागाले आली."

"कायची?"

"तुमच्या पोरीले मी खरं वागाले शिकवलं. त्याची किंमत काय पडते, ते नाही शिकवलं. ते माझं चुकलं."

तो माणूस आपल्या नखांकडे बघत म्हणाला, "एक सांगा. तिनं त्या दिवसांच्या सह्या मारून देल्ल्या असत्या, तर मले समजलं असतं का?"

"नसतं समजलं."

"मंग काहून नाही मारल्या?"

बाईंनी आत नजर टाकली. स्वयंपाकघराच्या दाराशी प्रणाली उभी होती. वडिलांनी महिन्याभरात पहिल्यांदा तिच्याकडे मान वर करून पाहिले, आणि ती अजून तिथेच उभी आहे याचे त्यांना नवल वाटल्यासारखे दिसले.

प्रणाली परीक्षेला आली. लग्न मोडले नाही, एक वर्ष पुढे गेले. बाई त्याच उन्हाळ्यात निवृत्त होऊन गावी गेल्या, आणि आता तर त्यांना वारूनही दोन पावसाळे झाले. पलीकडच्या खोलीतून शिंक येत नाही. एखादी ओळ शिकवताना मी उगाच थांबते आणि मुली वहीतून मान वर करून बघतात.

पण गावी जाण्याआधीची एक सकाळ मला सांगायची आहे. भरतीची धाव होती. मैदानाबाहेर दोरीपाशी माणसांची गर्दी, पहाटेच्या पाण्याने दबलेल्या मातीचा वास, आणि छातीवर क्रमांक लावलेल्या मुलींचे एकसारखे पांढरे बूट. बाई आणि मी मागे कडुनिंबाखाली उभ्या होतो. प्रणालीचे वडील अगदी पुढे, दोरी दोन्ही हातांनी धरून. ती चांगली धावली. शेवटच्या वळणावर मागून आलेल्या मुली तिच्या पुढे निघून गेल्या. यंदा काम झाले नाही हे तिचे खांदेच सांगत होते.

ती दोरीपाशी आली, गुडघ्यांवर हात टेकून वाकली. वडिलांनी तिच्या भिजलेल्या पाठीकडे पाहिले. मग आम्हा दोघींना स्पष्ट ऐकू आले.

"अजून एक साल धावतं का?"

"थांबा बाबा," ती धापा टाकत म्हणाली. "दम घेऊ द्या."

आणि तो माणूस थांबला. घामेजल्या गर्दीत, हातातली पाण्याची बाटली तशीच धरून, लेकीचा श्वास परत येण्याची वाट पाहत उभा राहिला.

मी पुढे जायला निघाले. बाईंनी माझे मनगट पकडले.

"नका जाऊ. आपण गेलो तर तो तिले सोडून आपल्याले विचारन."

त्यांनी मला वळवले आणि आम्ही रस्त्याकडे चालू लागलो. मला राहवेना, मी दोनदा मागे पाहिले. बाईंनी एकदाही पाहिले नाही. प्रणाली काय म्हणाली, ते ऐकायला त्या थांबल्या नाहीत.