अक्का काय म्हणाली ते

टूरच्या फॉर्मच्या शेवटच्या पानावर लिहिलं होतं : साठीच्या पुढच्या प्रवाशांनी घरच्या माणसाचं संमतीपत्र जोडावं.

मी बासष्ट वर्षांची. छत्तीस वर्षं सरकारी दवाखान्यात नर्स म्हणून काढली. त्यातली बरीचशी बिलोली आणि देगलूरकडच्या खेड्यांत, लशीचा डबा खांद्याला लावून. नदीला पाणी आलं की बाजेवर घातलेल्या बाळंतिणीसोबत मीही कमरेएवढ्या पाण्यातून जायची. तेव्हा कुणाला माझं संमतीपत्र लागलं नव्हतं.

मुलगा लातूरला असतो. त्याला फोनवर सांगितलं तर तो वैतागलाच.

"आई, जंगलात काय ठेवलंय? पाच दिवस! जळवा लागतात म्हणं तिथं. पाय घसरला म्हंजे कोण बघणार? कॉलनीतल्या सगळ्या बाया बुद्धगयेला चालल्यात, त्यांच्यासोबत जा की."

"बुद्धगया बघून आले मी. दोनदा."

"मग घरी राहा ना निवांत."

"दोन वर्षं निवांतच राहून राहिले की."

कारण अगदी साधं होतं. किनवटच्या जंगलात मी दोन वर्षं नोकरी केली. उन्हाळ्यात तिथला साग पार उघडा पडतो, सावलीला झाड शोधावं लागतं. बारा महिने ज्याची पानं झडत नाहीत असंही जंगल असतं, हे शाळेच्या पुस्तकात वाचलेलं. ते मला बघायचं होतं. याहून मोठं कारण कुणाला द्यायची गरज मला वाटली नाही.

संमतीपत्र मी स्वतःच लिहिलं. "मी खाली सही करणारी, माझ्या घरातली कर्ती बाई. मला जंगलात जायला माझी पूर्ण इजाजत आहे." खाली सही आणि तारीख.

टूरवाल्यांच्या ऑफिसातून एका मुलीचा फोन आला. "मॅडम, असं नाही चालत. मुलाची सही लागेल."

"मुलाला सही करायला मी शिकवलं," मी म्हणाले. "माझ्यापेक्षा त्याची सही मोठी कशी काय?"

ती बिचारी हसली. साहेबांना विचारून सांगते म्हणाली. शेवटी डॉक्टरचं फिटनेस सर्टिफिकेट जोडा, यावर मिटलं.

डिसेंबर होता. नांदेडहून रेल्वेनं बेंगळुरू, तिथून टूरवाल्यांच्या गाडीनं पश्चिम घाटात. आम्ही चौदा जण होतो, बहुतेक पुण्याचे आणि नाशिकचे. गाईड चाळिशीतला, पुण्याचाच, पण दहा वर्षं याच घाटात काम केलेला. कानडी फाडफाड बोलायचा. पहिल्याच सकाळी त्यानं माझ्याकडं, मग माझ्या कॅनव्हासच्या बुटांकडं बघितलं.

"काकू, तुम्ही कॅम्पवरच थांबलात तरी चालेल. इथूनसुद्धा पक्षी छान दिसतात."

"पक्षी इथून दिसतात तर बाकीचे कशाला चाललेत?" मी विचारलं आणि रांगेत उभी राहिले.

जंगलाबद्दल काय सांगू! दिवसा अकरा वाजता संध्याकाळ झाल्यासारखं वाटायचं. आदल्या आठवड्यात अवकाळी पाऊस पडून गेलेला, त्यामुळं जळवा होत्याच. बाकीचे किंचाळायचे. मी मिठाची पुरचुंडी जवळ ठेवलेली, चिमूटभर टाकलं की जळू गळून पडायची. धनेश पक्षी दिसायच्या आधी ऐकू आला. सुपानं धान्य पाखडावं तसा पंखांचा आवाज, पण किती तरी मोठा. हिरवागार, विषारी चापडा साप फांदीवर पानासारखा पडलेला. गाईडनं बोट दाखवलं नसतं तर मी त्या फांदीला हात लावला असता. त्या माणसाला जंगलातलं खरंच कळत होतं, हे कबूल केलं पाहिजे. मी सगळ्यांच्या मागं चालायची, पण पोचायची. दुसऱ्या दिवसापासून त्यानं थांबा म्हणणं सोडून दिलं.

तिसऱ्या दिवशी दुपारी आदिवासी वस्तीवर जायचं होतं. कार्यक्रमपत्रिकेत "निसर्गपुत्रांच्या सहवासात" असं छापलेलं. ते वाचूनच माझ्या कपाळाला आठी पडली होती, पण गेले. वाटेत एक नाला लागला. सुपारीची दोन खोडं वेलांनी बांधून आडवी टाकलेली, तोच पूल. गाईडनं एकेकाला हात धरून पलीकडं नेलं. पलीकडं आठ-नऊ घरं, मिरीचे वेल चढवलेली झाडं, आणि झाडलोट केलेल्या एका अंगणात आमच्यासाठी मांडलेल्या खुर्च्या. चार माणसांनी ढोल वाजवून नाच केला. सगळ्यांनी व्हिडिओ काढले. मग गाईडनं वस्तीतल्या सगळ्यात वयस्क बाईला पुढं आणून बसवलं. सत्तरीची असेल. बारीक, ताठ, केस पांढरेशुभ्र.

"आता आजींना काय विचारायचं ते विचारा. मी भाषांतर करतो."

पुण्याच्या एक निवृत्त प्राध्यापक बाई होत्या, स्वभावानं चांगल्या. त्यांनी विचारलं, "आजींना शहरात यावंसं वाटतं का कधी?"

गाईडनं कानडीत विचारलं. म्हातारी बरंच बोलली. दोनदा नाल्याकडं हात केला. एकदा पोटाशी हात नेला.

गाईड आमच्याकडं वळला. "आजी म्हणतात, हे जंगल माझी आई आहे. आईला सोडून कुणी जातं का? आम्हाला बाहेरचं काही नको."

"वा!" कुणीतरी म्हणालं. प्राध्यापक बाईंच्या डोळ्यांत पाणी आलं.

गाईडला माहीत नव्हतं की मला कानडी येतं. देगलूरच्या पलीकडं काही गावं अशी आहेत की घरात कानडी, बाजारात मराठी आणि भांडण तेलुगूत. कळा सोसणारी बाई तिच्याच भाषेत ओरडते. ती काय म्हणते ते नर्सला कळलं नाही तर दोन जीव जातात. म्हणून मी शिकले होते. या डोंगरातली बोली वेगळी होती, सगळं नाही समजलं. पण म्हातारी आमच्यासाठी साधं कानडी बोलत होती, आणि मुद्द्याचं मला समजलं होतं. ती म्हणाली होती, "पावसात ही लाकडं वाहून जातात. मागच्या पावसाळ्यात सुनेला नववा महिना होता. झोळीत घालून रानातून फिरवून नेली. मूल वाटेतच गेलं. आम्हाला पूल पाहिजे. येईल त्याला सांगते. याला पण दर खेपेला सांगते."

मला माझी माय दिसली. उमरीजवळच्या आमच्या गावात, गावकुसाबाहेरच्या वस्तीत, एकदा एक मोठे साहेब आले होते. मी दुसरीत असेन. गावचे पुढारी साहेबांना सांगत होते, "लोकं खुश हायत साहेब, काई तक्रार न्हाई." बाप मान खाली घालून उभा. माझी माय रिकामी घागर घेऊन पुढं झाली. "न्हाई साहेब. वरच्या हिरीवर आमाला पाणी भरू देत न्हाईत." त्या हंगामात पुढाऱ्याच्या शेतात मायला काम मिळालं नाही. आम्ही कसेबसे दिवस काढले. पण पुढच्या उन्हाळ्यात वस्तीत हापसा बसला.

मी खुर्चीवरून उठले.

"ती असं म्हणाली नाही," मी म्हणाले.

गाईडला आधी समजलंच नाही. "काय काकू?"

"जंगल माझी आई वगैरे ती काहीच म्हणाली नाही. तिला पूल पाहिजे."

त्याचा चेहरा बदलला, पण आवाज गोड ठेवला त्यानं. "तुमच्याकडचं कानडी वेगळं असतं काकू. इकडचं तुम्हाला नाही कळायचं."

"मग परत विचारू. मी चुकले असेन तर सगळ्यांसमोर माफी मागते."

मी तिच्यासमोर जमिनीवर बसले. "अक्का," मी कानडीत म्हणाले, "मघाशी बोलली ते परत सांग. सावकाश."

माझं ते सीमेवरचं कानडी ऐकून ती आधी खळखळून हसली. मग माझं मनगट धरलं आणि एकेक वाक्य सांगत गेली. मी एकेक वाक्य मराठीत मोठ्यानं म्हणत गेले. झोळीचं आलं तोवर ढोल वाजवणारे चौघेही जवळ येऊन उभे राहिले होते.

एक गृहस्थ म्हणाले, "अहो, आपण सुट्टीवर आलोय. हे सगळं इथं कशाला?"

"इथंच घडलंय म्हणून," मी म्हणाले.

"मला ऐकायचंय," प्राध्यापक बाई म्हणाल्या. त्यांनी आपला कॅमेरा पिशवीत घातला आणि माझ्या शेजारी खाली येऊन बसल्या.

जेवण कॅम्पवरून डब्यांतून आलं होतं, मांडवात टेबलं लावली होती. अक्कानं माझा हात सोडलाच नाही. "ऊट आयता?" तिनं विचारलं. जेवलीस का? मी नाही म्हणाले, तशी मला घरात घेऊन गेली. भात आणि फणसाच्या आठळ्यांची आमटी होती. वाढायला सून आली, पंचविशीची असेल. आमटी वाढताना तिनं नाकाला पदर लावला, त्यावरून मला शंका आली. विचारलं तर लाजली. दुसरा महिना.

मी बोटावर हिशेब केला. म्हणजे जुलै. ऐन पावसात.

जेवण बाजूला ठेवून तिच्या डोळ्यांच्या पापण्या खाली ओढून बघितल्या. आत फिक्कट. रक्त कमी. लोहाच्या गोळ्या सांगितल्या, त्या जेवणानंतर घ्यायच्या, चहासोबत नाही, हे दोनदा बजावलं. मग अक्काला म्हणाले, "पुलाचं मी बघते. पण पुलाची वाट बघत हिला इथं ठेवू नको. मे संपायच्या आत खाली दवाखान्याजवळ कुणाकडं तरी ठेव. कोण आहे तुझं खाली?"

तिची बहीण होती. अक्कानं मान हलवली. मी तिच्याकडून शपथ घेतल्यासारखं तीनदा म्हणवून घेतलं, आणि खालच्या बहिणीच्या घरचा फोन नंबर वहीत लिहून घेतला.

परतताना नाल्याच्या अलीकडं गाईडनं मला बाजूला घेतलं.

"तुम्ही माझ्या पोटावर पाय देताय काकू. लोक इथं रडगाणं ऐकायला येत नाहीत."

"तुम्ही किती वर्षं येता इथं?"

"दहा."

"दहा वर्षं ती तुम्हाला सांगतेय. तुमची माणसं या लाकडांवरून येतात-जातात. तुम्हाला एकदाही वाटलं नाही?"

तो म्हणाला, "उद्याच्या चढाला तुम्ही येऊ नका. माझ्यावर जबाबदारी आहे. वयाचा विचार करा."

हे वयाबद्दल नव्हतं, हे त्यालाही माहीत होतं आणि मलाही.

दुसऱ्या दिवशी उजाडायला मी बूट बांधून जीपपाशी उभी होते. तो आला, माझ्याकडं बघितलं आणि दुसरीकडं तोंड केलं. जीपमध्ये जागा नाही म्हणाला. प्राध्यापक बाई उतरल्या. "मग मीही येत नाही." त्यांच्यामागून नाशिकचं जोडपं उतरलं. तेव्हा जागा झाली.

चढ अवघड होता, खोटं कशाला सांगू. दोनदा मी बसले. धाप लागली. पण वर पोचले आणि झाडांच्या शेंड्यांत सिंहपुच्छ वानरांचा कळप होता. काळी कुळकुळीत, तोंडाभोवती करडी आयाळ. एक मादी पोटाशी पिलू धरून या फांदीवरून त्या फांदीवर गेली, खाली एवढी खोल दरी असून. मी अर्धा तास मान वर करून बघत राहिले. गाईड हळू आवाजात सगळ्यांना सांगत होता की ही वानरं सहसा जमिनीवर उतरत नाहीत, वरून झाडं जोडलेली राहिली तरच ती जगतात. सांगताना तो माझ्याकडं बघत नव्हता. चांगलं सांगत होता.

घरी आल्यावर देगलूरच्या एका शिक्षकाकडून मी कानडीत अर्ज लिहून घेतला. प्रवासी म्हणून खाली सह्या हव्या होत्या. चौदांपैकी नऊ जणांनी पाठवल्या. सुट्टीवाल्या गृहस्थांनी फोनच उचलला नाही. अर्ज तिथल्या जिल्हा पंचायतीला रजिस्टर पोस्टानं पाठवला. उत्तर नाही. फेब्रुवारीत दुसरा पाठवला. मुलगा म्हणाला, "आई, आपल्या जिल्ह्यात काय पूल कमी पडलेत का? दुसऱ्याच्या राज्यात कशाला?"

"आपल्याकडच्या पुलासाठी बोलायला तू हायस," मी म्हणाले. "बोलतो का?"

तिसऱ्या अर्जानंतर एका इंजिनियरचा फोन आला. कानडीत, जरा गुर्मीतच. "तुम्ही त्या लोकांच्या कोण?"

"मी नर्स आहे."

"इथल्या?"

"नांदेडची."

"मग तुमचा काय संबंध?"

"साहेब, तुमच्या हद्दीत एक मूल पुलावाचून गेलं. संबंध तुमचा आहे. तुम्हाला आठवण नाही, म्हणून मी करून देते."

बघतो म्हणाला. जागा वनखात्याची आहे, परवानगी लागते म्हणाला. मी त्याचं नाव आणि हुद्दा स्पेलिंगसकट लिहून घेतला, आणि लिहून घेतेय हे त्याला ऐकू जाईल अशा बेतानं.

मेच्या शेवटच्या आठवड्यात मी बहिणीच्या घरी फोन लावला. सून आली होती. गोळ्याही घेत होती. जुलैत त्याच नंबरवरून फोन आला. अक्का स्वतः होती. तिकडं पाऊस एवढा कोसळत होता की शब्द तुटत होते. "हेण्णु मगु," ती ओरडून ओरडून सांगत होती. मुलगी झाली. दवाखान्यात. दोघी चांगल्या आहेत.

"आणि पूल?" मी विचारलं.

लाकडं परवाच वाहून गेली, ती म्हणाली.

आता दिवाळीनंतर मी पुन्हा चाललेय. या वेळी टूर नाही, गाईड नाही. रेल्वेचं तिकीट काढलंय. आधी त्या इंजिनियरच्या ऑफिसात, नंतर वनखात्यात. अक्का खाली येणार आहे. दोघी मिळून त्यांच्या दारात बसणार आहोत. भाषांतराला मी आहेच.