पास्कूकाकांच्या दोरीची गोष्ट

वसईचं प्रवासवर्णन म्हटल्यावर तुम्हा सिन्नरकरांना किल्ला पाहिजे असणार, समुद्र पाहिजे असणार आणि शेवटी वाळवलेल्या केळ्यांची सुकेळी कुठे मिळतात त्याचा पत्ता. यातलं काही नाही. किल्ला आला तेव्हा मी रिक्षावाल्याच्या शिव्या खात होतो. तो बोलायचा, त्याच्यामागून मी ओठातल्या ओठात तेच त्याच्या आवाजात पुटपुटायचो. नकलाकाराची खोड, दुसरं काय. तो वळून म्हणाला, "चिडवतो काय रे?"

मला नेलं होतं मीराताईंनी. त्या माहितीपट बनवतात. विषय, जपानी कॉमिक्स. हिरोबिरोवाली नव्हेत, हमाल, गटार उपसणारे, एकटे पडलेले लोक, यांची. असले जुने अंक तिकडेच रद्दीत गेले, म्हणून ताई कुठेकुठे शोधत फिरतात. फिल्ममध्ये त्या चित्रांना मराठी आवाज मी देणार होतो.

पाचूबंदरला उतरलो. वलांडीवर (बोंबील सुकवायची बांबूंची चौकट) एक बोंबील नाही. आभाळ, खाडी, चिखल, सगळं एकाच रंगाचं.

आम्ही गेलो ते पास्कूकाकांच्या घरी. ते जहाजावर स्वयंपाकी होते. जपानच्या एका बंदरात कोणीतरी टाकून दिलेला अंकांचा गठ्ठा त्यांनी उचलून आणला. अक्षर एक वाचता येत नाही, पण चित्रं बघून अख्ख्या आळीला गोष्टी सांगायचे. ताईंना तेच टिपायचं होतं, आणि त्याच दिवशी. दुसऱ्या दिवशी ऑपरेशन करून काकांची स्वरपेटी काढणार होते.

"आधी जेवा," काकू म्हणाल्या. तांदळाची भाकरी, सुक्या करंदीचं (बारीक कोळंबीचं) कालवण. मला जबरी ठसका लागला.

"पानी पी, पानी. घाटावरच्यांना झेपत नाय," त्या म्हणाल्या.

आवाज रेकॉर्ड करणारा आलाच नव्हता. ताई कॅमेऱ्यामागे, माईक माझ्या हातात. काकांनी अंक उजवीकडून उघडला. चित्रात एक माणूस दोरी धरून धक्क्यावर उभा.

"ह्याचा भाऊ बुडालाय," काका म्हणाले. ओल्या वाळूतून नांगर ओढावा तसा आवाज. "रोज येतो. दोरी धरून उभा रातो. कोनी विचारत नाय."

"परवा तर बायको पळालेली त्याची," काकू म्हणाल्या. "चाळीस वर्षं तीच चित्रं, दर टायमाला गोष्ट वेगळी."

"आज खरी सांगतो."

काकूंनी भिंतीकडे पाहिलं. शेवटच्या पानावर माणूस नव्हता, नुसती दोरी. काकांनी तिच्यावर बोट ठेवलं.

"सोडली त्याने. हात दुखले म्हनून नाय. पलीकडून कोनी ओढतच नव्हता."

मग त्यांनी अंक मिटला. परत सांगायची ताकद नव्हती. भिंतीवर काकांच्याच तोंडावळ्याच्या एका पोरसवदा माणसाचा हार घातलेला फोटो होता, तो मला तेव्हा दिसला.

मी सिन्नरला परतलो. आठवड्याने ताईंचा फोन आला.

"रेकॉर्डिंगमध्ये काकांच्या मागे कोण बोलतंय?"

मला रिक्षावाला आठवला.

"पहिल्या वाक्यापासून दोरीपर्यंत. प्रत्येक शब्दामागे तू!"

"ताई, मी अख्खी गोष्ट परत बोलून देतो ना. काकूंनासुद्धा फरक कळणार नाही."



"गाढवा, कळणार नाही म्हणूनच नको. आपण जपायला गेलो होतो. काका आता पाटीवर लिहून बोलतात. एवढाच आवाज उरला त्यांचा, आणि त्यातही तू घुसून बसलायस. दहा मिनिटं तोंड मिटून बसता आलं नाही तुला? त्यांना आता जन्मभर बसायचंय."